ज्येष्ठता यादीत वर, वेतनात खाली: कनिष्ठ सहकाऱ्याइतके वेतन मागता येईल का?

कळव्याचा लिपिक

सर्व सदस्यांना नमस्कार. मी ठाण्यातील राज्य शासनाच्या एका कार्यालयात वरिष्ठ लिपिक आहे. ऑगस्ट २००३ मध्ये एकाच निवड यादीतून आम्ही सहा जण लिपिक-टंकलेखक म्हणून रुजू झालो. गुणवत्ताक्रमात मी दुसरा होतो आणि ज्या सहकाऱ्याच्या वेतनाशी माझी तुलना आहे तो पाचवा होता. दरवर्षी १ जानेवारीच्या स्थितीची जी ज्येष्ठता यादी निघते तिच्यात हा क्रम आजवर बदललेला नाही, आणि त्यावर कोणी हरकतही घेतलेली नाही. वेतनाच्या बाबतीतही २०१३ पर्यंत आम्ही अगदी बरोबरीने चाललो होतो. १ जुलै २०१३ रोजी दोघांचेही मूळ वेतन १०,००० रुपये होते, म्हणजे वेतनबँडमधील ८,१०० आणि ग्रेड वेतन (पदाच्या दर्जानुसार ठरणारी रक्कम) १,९००.

२० जानेवारी २०१४ रोजी मला वरिष्ठ लिपिक म्हणून पदोन्नती मिळाली. जागा एकच रिकामी होती आणि यादीत माझा क्रमांक आधी होता. त्या दिवशी घरी पेढे वाटले होते, म्हणून तारीख पक्की लक्षात आहे. माझ्या सहकाऱ्याची पदोन्नती त्यानंतर साडेसात महिन्यांनी, ८ सप्टेंबर २०१४ रोजी झाली. पद तेच, कार्यालय तेच, ग्रेड वेतन तेच २,४००. मात्र १ जुलै २०१५ रोजी माझे मूळ वेतन ११,१३० रुपये झाले आणि त्याचे ११,४५०. सातव्या वेतन आयोगाच्या वेतननिश्चितीत १ जानेवारी २०१६ रोजी मला २८,७०० चा टप्पा मिळाला, त्याला २९,६०० चा. तेव्हापासून तो नेहमी माझ्यापेक्षा एक वेतनवाढ पुढे आहे. १ जुलै २०२४ रोजी माझे मूळ वेतन ३७,५०० आहे आणि त्याचे ३८,६००.

मी २०१९ मध्ये पहिले निवेदन दिले. त्यानंतर दोन स्मरणपत्रे दिली. मार्च २०२२ मध्ये लेखी उत्तर आले. पदोन्नतीनंतर एक महिन्याच्या आत मी वेतननिश्चितीचा विकल्प, म्हणजे नवे वेतन कोणत्या तारखेपासून ठरवायचे याची निवड, दिला नाही, आणि दोघांचेही वेतन नियमानुसारच निश्चित झालेले असल्यामुळे ही तफावत विसंगती मानता येत नाही, असे त्यात म्हटले आहे. माझ्या पदोन्नती आदेशात विकल्पाचा एका शब्दानेही उल्लेख नव्हता आणि आस्थापना शाखेतील कोणीही मला तसे सांगितले नव्हते. उत्तर आल्यानंतरही मी आणखी दोन निवेदने दिली, पण त्यांना उत्तर आलेले नाही.

ज्येष्ठाला कनिष्ठापेक्षा कमी वेतन असू नये, असा सर्वोच्च न्यायालयाचा निर्णय असल्याचे अनेकांकडून ऐकले आहे. तो माझ्या प्रकरणाला लागू होईल का? दाद कोठे मागावी आणि मुदत उलटून गेली आहे का? आणि आणखी एक गोष्ट मला मनापासून विचारायची आहे. ज्याच्या वेतनाशी मी तुलना करतो आहे तो माझा जवळचा मित्र आहे. त्याचे वेतन योग्यच आहे आणि ते एक रुपयानेही कमी व्हावे अशी माझी इच्छा नाही. मी न्यायालयात गेलो तर त्याला प्रतिवादी करावे लागेल का?

निवृत्त लेखाधिकारी, घोडबंदर रस्ता

आपण तारखा आणि आकडे पूर्ण दिले, त्यामुळे बोलणे सोपे झाले. बहुतेक जण केवळ ‘कनिष्ठाला जास्त पगार आहे’ एवढेच लिहितात, आणि तेवढ्यावर कोणालाही मत देता येत नाही. कायद्याचे जाणकार बोलतीलच, मी हिशेब मांडतो, कारण या प्रकरणाचा उलगडा हिशेबातच आहे.

सहाव्या वेतन आयोगात सर्वांची वेतनवाढ १ जुलै या एकाच तारखेवर आणली गेली आणि त्या तारखेस किमान सहा महिने पूर्ण असावेत अशी अट घातली गेली. आपली पदोन्नती २० जानेवारीची आहे. पदोन्नतीच्या दिवशी १०,००० वर तीन टक्के, म्हणजे ३०० रुपये मिळाले, वेतनबँडमधील वेतन ८,४०० झाले, त्यात ग्रेड वेतन २,४०० मिळवून आपले मूळ वेतन १०,८०० झाले. परंतु १ जुलै २०१४ रोजी नव्या वेतनावर सहा महिने पूर्ण होत नव्हते, सुमारे वीस दिवस कमी पडत होते. त्यामुळे त्या वर्षीची वेतनवाढ गेली आणि पुढची थेट १ जुलै २०१५ रोजी आली. ३२४ चे पूर्णांकन होऊन ३३० मिळाले आणि ११,१३० झाले.

आपल्या मित्राला १ जुलै २०१४ ची वेतनवाढ लिपिक पदावरच मिळाली आणि त्याचे वेतन १०,३०० झाले. सप्टेंबरमध्ये पदोन्नतीची आणखी एक वाढ ३१० रुपयांची मिळाली आणि वेतनबँडमधील ८,७१० अधिक २,४०० असे ११,११० झाले. सप्टेंबरपासून पुढच्या जुलैपर्यंत सहा महिन्यांहून अधिक काळ होत असल्याने १ जुलै २०१५ ची वेतनवाढही त्याला मिळाली. आपली एक वेतनवाढ जिथे बुडाली ती जागा ही आहे. त्यानंतरचे सगळे आकडे, सातव्या आयोगाच्या मॅट्रिक्समधला (वेतनाच्या टप्प्यांच्या तक्त्यातला) तो एक टप्पाही, त्या वीस दिवसांचेच परिणाम आहेत.

आता आपण विकल्प दिला असता तर काय झाले असते ते पाहा. निम्न पदावरील वेतनवाढीच्या तारखेपासून वेतननिश्चिती करून घेण्याचा विकल्प म्हणजे पदोन्नतीच्या दिवशी फक्त ग्रेड वेतनातला फरक घ्यायचा आणि १ जुलैला वार्षिक व पदोन्नतीची अशा दोन्ही वाढी एकत्र घ्यायच्या. २० जानेवारी २०१४ पासून ८,१०० अधिक २,४०० म्हणजे १०,५०० मिळाले असते, जे प्रत्यक्ष मिळालेल्यापेक्षा ३०० रुपयांनी कमी आहे. पण १ जुलै २०१४ रोजी आधी ३०० आणि मग ३१० मिळून ८,७१० अधिक २,४००, म्हणजे ११,११० झाले असते. आपल्या मित्राचे सप्टेंबरमधले वेतन नेमके हेच होते, रुपयाचाही फरक नाही. सुमारे साडेपाच महिने दरमहा ३०० रुपये कमी घेतले असते तर पुढच्या सगळ्या सेवेत आपण त्याच्या बरोबरीने राहिला असता.

मी सेवेत असताना २ जानेवारी ते ३० जून या काळात पदोन्नती झालेल्या प्रत्येकाच्या सेवापुस्तकात विकल्पाचा कागद लावला आहे की नाही हे आवर्जून पाहत असे. पदोन्नती आदेशातच विकल्पाची सूचना घालण्याची पद्धत याच कारणासाठी आहे, कारण सामान्य कर्मचाऱ्याला हा हिशेब घरी बसून सुचणे शक्य नाही. तेव्हा आपला मूळ पदोन्नती आदेश शोधा आणि त्याची प्रत जपून ठेवा. त्यात विकल्पाचा उल्लेख नसणे हा आपल्या बाजूचा सर्वात भक्कम कागद आहे. शिवाय आपण १ नोव्हेंबर २००५ पूर्वीचे असल्याने जुन्या निवृत्तिवेतन योजनेत आहात, आणि निवृत्तिवेतन शेवटच्या वेतनावर ठरते. म्हणून हा प्रश्न आजच्या अकराशे रुपयांपुरता नाही. ५० टक्के महागाई भत्ता आणि ३० टक्के घरभाडे धरले तर ते दरमहा १,९८० होतात.

सीबीडीतील वकील

वरील हिशेबानंतर माझे काम निम्मे झाले आहे. साहेबांनी दाखवलेला मुद्दा मी कायद्याच्या भाषेत मांडते.

ज्येष्ठता हा स्वतःहून जास्त वेतनाचा हक्क नाही, हे आधी मनात पक्के करावे. आंध्र प्रदेश राज्य विरुद्ध जी. श्रीनिवास राव या १९८९ च्या निर्णयात सर्वोच्च न्यायालयाने म्हटले आहे की, समान कामाला समान वेतन याचा अर्थ एका संवर्गातील प्रत्येकाला सारखेच वेतन असा होत नाही. भरतीचा मार्ग, शैक्षणिक अर्हता आणि सेवेतील इतर घटना यांमुळे वेतनात रास्त फरक पडू शकतो. आपण ऐकलेला निर्णय बहुधा गुरुचरणसिंग ग्रेवाल विरुद्ध पंजाब राज्य वीज मंडळ हा २००९ चा असावा. ज्येष्ठाला कनिष्ठापेक्षा कमी वेतन देता येत नाही हे तत्त्व त्यात स्पष्टपणे सांगितले आहे आणि त्या प्रकरणातील ज्येष्ठ कर्मचाऱ्याला दिलासाही मिळाला. परंतु केवळ हे एक वाक्य अर्जात उद्धृत करून दावा जिंकता येत नाही. सरकारी वकील उत्तरादाखल भारत संघ विरुद्ध आर. स्वामिनाथन हा १९९७ चा निर्णय पुढे करतात. त्या प्रकरणात कनिष्ठांना स्थानिक, तात्पुरत्या पदोन्नतीमुळे वरच्या पदाचा अनुभव आणि वेतनवाढी आधीच मिळालेल्या होत्या, त्यामुळे नियमित पदोन्नतीच्या वेळी त्यांचे वेतन जास्त निश्चित झाले. ही नियमातून आलेली विसंगती नव्हे, म्हणून ज्येष्ठांचे वेतन उंचावता येणार नाही, असे न्यायालयाने ठरवले.

म्हणून स्टेपिंग अपच्या, म्हणजे ज्येष्ठाचे वेतन कनिष्ठाच्या वेतनाइतके उंचावण्याच्या, प्रकरणात ‘तो कनिष्ठ आहे का’ या प्रश्नापेक्षा ‘फरक कशामुळे पडला’ या प्रश्नाला अधिक वजन असते. दोघे एकाच संवर्गातील असावेत, निम्न पद आणि पदोन्नतीचे पद दोन्ही एकच असावे, दोन्ही पदांच्या वेतनश्रेणी सारख्या असाव्यात, निम्न पदावर असताना ज्येष्ठाचे वेतन कनिष्ठाच्या वेतनाइतके किंवा जास्त असावे, आणि फरक थेट वेतननिश्चितीच्या नियमामुळे पडलेला असावा. कनिष्ठाला मिळालेल्या आगाऊ वेतनवाढींमुळे किंवा अन्य वैयक्तिक कारणाने नव्हे. आपली कहाणी यातल्या प्रत्येक अटीवर लावून पाहिली तर एकच जागा नाजूक राहते, ती म्हणजे विकल्प. कार्यालयाने नेमके तेच कारण दिले आहे, यावरून उत्तर लिहिणाऱ्याला नियम चांगला ठाऊक होता असे दिसते.

या कारणासाठी मी अर्जात दोन मागण्या करण्याचा सल्ला देईन. मुख्य मागणी अशी की, पदोन्नती आदेशात विकल्पाची सूचना नसल्यामुळे एक महिन्याची मुदत अर्जदाराविरुद्ध धरता येणार नाही, म्हणून आता विकल्प स्वीकारून १ जुलै २०१४ पासून वेतन पुन्हा निश्चित करावे. या मागणीत कोणाशीही तुलना नाही. आपले स्वतःचे वेतन स्वतःच्या सेवेवरून ठरते. पर्यायी मागणी अशी की, ती मान्य न झाल्यास ८ सप्टेंबर २०१४ पासून, म्हणजे कनिष्ठाच्या पदोन्नतीच्या तारखेपासून, वेतन ११,११० पर्यंत उंचावावे. दोन्ही रस्ते १ जुलै २०१५ च्या ११,४५० लाच येऊन मिळतात. जानेवारी ते जून २०१४ या काळात आपण दरमहा ३०० रुपये जास्त घेतले आहेत, ते समायोजित करण्यास तयार असल्याचे स्वतःहून लिहावे. न्यायाधिकरणापुढे अशा प्रामाणिकपणाचा उपयोग होतो, असा माझा अनुभव आहे.

आपण राज्य शासनाचे कर्मचारी असल्याने दाद महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाच्या मुंबई पीठापुढे, म्हणजे आपण ज्याला ‘मॅट’ म्हणतो तेथे मागायची आहे. थेट उच्च न्यायालयात जाता येत नाही. १९९७ च्या एल. चंद्रकुमार प्रकरणातील घटनापीठाच्या निर्णयानुसार आधी न्यायाधिकरण आणि त्याच्या निर्णयाविरुद्ध उच्च न्यायालयाचे खंडपीठ, असा हा क्रम आहे.

मुदतीचा प्रश्न जरा सविस्तर सांगते, कारण कर्मचारी बहुतेक वेळा येथेच अडतात. प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियम, १९८५ च्या कलम २१ नुसार अंतिम आदेशापासून एक वर्षात अर्ज करावा लागतो, आणि निवेदनाला उत्तरच आले नाही तर सहा महिने वाट पाहून त्यापुढे एक वर्ष मिळते. आपल्याला मार्च २०२२ मध्ये नकार मिळाला, म्हणजे सरळ वाचले तर ती मुदत मार्च २०२३ मध्ये संपली. त्यानंतर दिलेल्या निवेदनांनी ती वाढत नाही, सी. जेकब या २००८ च्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने हे खडसावून सांगितले आहे. तरीही आपला रस्ता बंद झालेला नाही. एम. आर. गुप्ता विरुद्ध भारत संघ या १९९५ च्या निर्णयात रेल्वेच्या एका कर्मचाऱ्याची १९७८ मधील वेतननिश्चिती चुकीची असल्याची तक्रार १९८९ मध्ये दाखल झाली होती. चुकीचे वेतन दर महिन्याला मिळते आणि दर महिन्याला दाव्याचे नवे कारण निर्माण होते, असे न्यायालयाने तेथे म्हटले. त्याला जोडून तरसेमसिंग हा २००८ चा निर्णय वाचावा. त्यानुसार अशा सततच्या अन्यायात वेतन दुरुस्त होऊ शकते, पण थकबाकी साधारणपणे अर्ज दाखल करण्यापूर्वीच्या तीन वर्षांपुरतीच मिळते. म्हणजे २०१४ पासूनचा पैसा हाती येईल अशी आशा धरू नये, आणि आज आपण थांबलेला प्रत्येक महिना थकबाकीतून एक महिना कमी करतो. खबरदारी म्हणून मूळ अर्जासोबत विलंब माफीचा अर्जही जोडावा.

आपल्या मित्राविषयी काळजी करू नये. आपण त्याचे वेतन कमी करण्याची किंवा यादीतला त्याचा क्रमांक बदलण्याची मागणी करत नाही, त्यामुळे त्याला प्रतिवादी करण्याचे कारण नाही. ज्येष्ठता यादीलाच आव्हान असते तर गोष्ट वेगळी होती. तेथे ज्यांचा क्रमांक खाली जाईल त्या प्रत्येकाला बाजू मांडण्याची संधी द्यावी लागते आणि उशीरही खपवून घेतला जात नाही, कारण मधल्या काळात इतरांचे हक्क तयार झालेले असतात. तरसेमसिंग निर्णयातच हा भेद सांगितला आहे.

ऐरोलीची शिक्षिका

वरची चर्चा वाचून माझाही प्रश्न येथेच विचारते, प्रशासकांनी गैर मानू नये. मी ठाणे जिल्ह्यातील जिल्हा परिषदेच्या शाळेत २०१० पासून आहे. आमच्या केंद्रात २०१८ मध्ये आंतरजिल्हा बदलीने एक शिक्षक आले. जिल्ह्याच्या ज्येष्ठता यादीत ते माझ्यापेक्षा बरेच खाली आहेत, पण त्यांचे मूळ वेतन माझ्यापेक्षा जास्त आहे, कारण त्यांना वरिष्ठ वेतनश्रेणी आधीच मिळालेली होती. मला स्टेपिंग अप मागता येईल का? आमच्या व्हॉट्सअॅप समूहात काही जण वर्गणी काढून दावा करू म्हणत आहेत.

निवृत्त लेखाधिकारी, घोडबंदर रस्ता

ताई, आपल्याला मी स्पष्टच सांगतो, म्हणजे वर्गणी वाचेल. आंतरजिल्हा बदलीने येणारा शिक्षक नव्या जिल्ह्याच्या यादीत तळाशी बसतो, कारण ज्येष्ठता जिल्ह्याच्या संवर्गापुरती असते. पण त्याने आधीच्या जिल्ह्यात केलेली सेवा पुसली जात नाही. त्याचे वेतन संरक्षित राहते आणि बारा वर्षांच्या वरिष्ठ वेतनश्रेणीसाठी ती सेवा मोजली जाते. यादीतली ज्येष्ठता त्यांनी बदलीच्या बदल्यात सोडली, नोकरीची वर्षे सोडली नाहीत. आपल्यापेक्षा त्यांची एकूण सेवा जास्त असल्यामुळे त्यांचे वेतन जास्त आहे, आणि यात नियमाने आपल्यावर कोणताही अन्याय केलेला नाही. आपण ज्या निम्न संवर्गात होतात त्याच संवर्गातून, तितक्याच वेतनावरून ते आलेले नाहीत, म्हणून वकीलताईंनी सांगितलेल्या अटींपैकी पहिलीच पुरी होत नाही.

आपण स्वतःचे एक मात्र तपासावे. २०१० ची नेमणूक असेल तर आपलीही बारा वर्षे २०२२ मध्ये पूर्ण झाली आहेत. वरिष्ठ वेतनश्रेणीसाठीचे प्रशिक्षण झाले आहे का आणि प्रस्ताव कोठे थांबला आहे, हे पाहण्यात आपला वेळ अधिक सार्थकी लागेल.

सीबीडीतील वकील

साहेबांच्या उत्तराशी मी सहमत आहे. त्यात एवढीच भर घालते की, जिल्हा परिषद आणि महानगरपालिका यांचे कर्मचारी मॅटच्या कक्षेत येत नाहीत. ठाणे किंवा नवी मुंबई महापालिका असो, सिडको असो वा जिल्हा परिषद, सेवाविषयक दाद साधारणपणे मुंबई उच्च न्यायालयात घटनेच्या अनुच्छेद २२६ खालील रिट याचिकेनेच मागावी लागते. चुकीच्या दारी अर्ज करून दोन-तीन वर्षे गेलेली प्रकरणे मी पाहिली आहेत.

नेरूळचा सहकारी

माझे प्रकरण मूळ प्रश्नकर्त्यासारखेच आहे. माझी पदोन्नती फेब्रुवारी २०१२ ची आहे आणि मीही विकल्प दिलेला नाही. त्यांचा निकाल लागल्यावर त्याच्या आधारे मी कार्यालयाकडे मागणी केली तर चालेल का? दोघांनी वेगवेगळा खर्च करण्यात अर्थ वाटत नाही.

सीबीडीतील वकील

आपली भावना समजते, पण हा मार्ग धोक्याचा आहे. उत्तर प्रदेश राज्य विरुद्ध अरविंदकुमार श्रीवास्तव या २०१४ च्या निर्णयात सर्वोच्च न्यायालयाने दोन्ही बाजू सांगितल्या आहेत. एका कर्मचाऱ्याला न्यायालयाने दिलेला लाभ तशाच स्थितीतील इतरांनाही द्यावा, हा सर्वसाधारण नियम आहे. परंतु जे कुंपणावर बसून राहिले आणि दुसऱ्याच्या विजयानंतर जागे झाले, त्यांना तोच लाभ मिळेलच असे नाही. वेतननिश्चितीचे वाद बहुतांशी व्यक्तिगत स्वरूपाचे मानले जातात, त्यामुळे आपल्या बाबतीत ही अडचण अधिक आहे. निदान आजच लेखी निवेदन देऊन त्याची पोच घ्यावी. एकाच कार्यालयातील आणि एकाच कारणाने बाधित असाल तर न्यायाधिकरणाच्या परवानगीने दोघांनी मिळून एकच अर्ज करता येतो, त्यामुळे खर्चाचा प्रश्नही सुटेल.

कळव्याचा लिपिक

आपल्या सर्वांचे मनःपूर्वक आभार. गेली पाच वर्षे मी ‘कनिष्ठापेक्षा कमी वेतन’ एवढेच लिहीत होतो. ते वीस दिवस माझ्या एकाही निवेदनात नाहीत.

दोन शंका राहिल्या आहेत. पहिली अशी की, मित्राच्या वेतनाची कागदपत्रे मी माहितीच्या अधिकारात मागितली तर वैयक्तिक माहिती म्हणून नाकारली जातील का? दुसरी शंका अधिक गंभीर आहे. कार्यालयातील एका ज्येष्ठांनी मला सांगितले की, मी जास्त ताणले तर माझे सगळे सेवापुस्तक वेतन पडताळणीसाठी कोकण भवनला जाईल, मागची एखादी चूक निघेल आणि वसुली लागेल. सातव्या वेतन आयोगाच्या वेळी आम्ही सर्वांनीच जादा प्रदान, म्हणजे चुकून जास्त मिळालेले वेतन, परत करण्याचे वचनपत्र दिलेले आहे. या भीतीने घरातूनही मला थांबायला सांगत आहेत.

सीबीडीतील वकील

पहिल्या शंकेबाबत: दुसऱ्या कर्मचाऱ्याच्या सेवापुस्तकाची प्रत मागितली तर ती गिरीश देशपांडे या २०१२ च्या निर्णयाचा आधार घेऊन नाकारली जाण्याची शक्यता मोठी आहे. मात्र प्रत्येक अधिकारी-कर्मचाऱ्याला मिळणारे मासिक वेतन स्वतःहून प्रसिद्ध करणे हे माहितीचा अधिकार अधिनियम, २००५ च्या कलम ४(१)(ख) नुसार कार्यालयाचे कर्तव्यच आहे. म्हणून प्रश्न त्या कलमाखाली विचारावा आणि सप्टेंबर २०१४, जुलै २०१५ आणि जानेवारी २०१६ या तीन महिन्यांची वेतनाची माहिती मागावी. आपल्याला तेवढीच पुरेशी आहे.

वसुलीबाबत: पंजाब राज्य विरुद्ध रफिक मसीह या डिसेंबर २०१४ च्या निर्णयाने गट क आणि गट ड च्या कर्मचाऱ्यांकडून, तसेच पाच वर्षांहून अधिक काळ चाललेल्या जादा प्रदानाची वसुली करण्यास मनाई केली आहे. कार्यालये वचनपत्राचा आधार घेतात तो २०१६ च्या जगदेवसिंग निर्णयामुळे, परंतु ते प्रकरण एका न्यायिक अधिकाऱ्याचे होते, गट क च्या कर्मचाऱ्याचे नव्हते. वरिष्ठ लिपिकाच्या बाबतीत हा फरक मांडता येतो आणि मांडला पाहिजे. वचनपत्रामुळे धोका शून्य आहे असे मी म्हणणार नाही. परंतु सेवापुस्तकाची पडताळणी निवृत्तीपूर्वी तशीही व्हायचीच आहे, आणि एखादी चूक असलीच तर ती निवृत्तीच्या तोंडावर उघडी पडण्यापेक्षा आज कळलेली बरी. अर्ज करण्यापूर्वी आपल्या दुय्यम सेवापुस्तकावरून (आपल्याकडे असलेल्या सेवापुस्तकाच्या प्रतीवरून) २००३ पासूनची प्रत्येक वेतनवाढ साहेबांसारख्या जाणत्या माणसाकडून एकदा तपासून घ्यावी.

निवृत्त लेखाधिकारी, घोडबंदर रस्ता

तपासणी मी आनंदाने करीन. खाजगी संदेश पाठवावा. दुय्यम सेवापुस्तक, २००९ आणि २०१९ ची वेतननिश्चितीची पत्रके आणि पदोन्नती आदेश एवढे कागद आणावेत. एक सकाळ पुरेल.

कळव्याचा लिपिक

येथे नोंद करून ठेवतो. रविवारी साहेबांकडे जाऊन आलो. २००३ पासूनच्या सर्व वेतनवाढी बरोबर निघाल्या, एकाही ठिकाणी जादा प्रदान नाही. २०१४ चा मूळ आदेशही सापडला आणि त्यात विकल्पाची सूचना खरोखरच नाही. माहितीच्या अधिकाराचा अर्ज मात्र करावा लागला नाही. मी हे सगळे मित्राला सांगितले तेव्हा त्याने दुसऱ्याच दिवशी स्वतःच्या वेतननिश्चितीच्या पत्रकांच्या आणि त्या तीन महिन्यांच्या वेतनचिठ्ठ्यांच्या प्रती सही करून माझ्या टेबलावर आणून ठेवल्या, आणि न्यायाधिकरणात शपथपत्र लागले तर तेही देईन असे म्हणाला. नेरूळच्या सहकाऱ्यांशीही बोलणे झाले आहे. त्यांचे कार्यालय वेगळे असल्याने त्यांचा अर्ज स्वतंत्र होईल, पण वकील एकच ठेवत आहोत. मूळ अर्जाचा आणि विलंब माफीच्या अर्जाचा मसुदा तयार होत आहे. दाखल झाल्यावर क्रमांक मिळाला की याच धाग्यात कळवीन.